डेड स्टॉक, अनुक्रमांक चौदा

दोंडाईच्यात मे महिना म्हणजे
शाळा बंद, पंखा बंद, आणि वाळत घातलेली मिरची
रुळांपर्यंत लाल.
मी कनिष्ठ लिपिक. माझ्याकडे डेड स्टॉकचं रजिस्टर,
भूगोलाच्या खोलीची किल्ली
आणि मोडीत काढायच्या वस्तूंची यादी:
पृथ्वीगोल एक, आस तुटलेला.
पर्जन्यमापक दोन, एकात पालीची अंडी.
नकाशा क्रमांक चौदा, उत्तर ध्रुवाकडचा, कापडावर डकवलेला.

उलगडला तर वाळवीची माती भुरभुरली.
अगदी वर, जिथं रंग देणाऱ्यानेही हात आखडता घेतलाय,
किनाऱ्यावर एक ओरखडा,
नखाने काढावा तसा,
आणि भोवती जांभळ्या शाईत गोसावी सरांचं अक्षर.

सर धुळ्याच्या पलीकडे फारसे गेले नाहीत.
आधी लिहिलंय 'खाडी'. खोडलंय.
मग 'दरी'. तेही खोडलंय.
मग: 'बर्फाने कोरलेली, समुद्राने नंतर भरलेली.
आपल्याकडे शब्द नाही, कारण गरज पडली नाही.
फियॉर्ड म्हणा.

लांबी: आपल्या स्टेशनापासून भुसावळ.
मध्ये एकही स्टेशन नाही.
खोली: माळी गल्लीतली विहीर, अशा सत्तर, एकीखाली एक.
कडे: काळा दगड, थरावर थर, पायऱ्या पायऱ्या,
आपल्या डोंगरांसारखाच लाव्ह्याचा.
फक्त निवडुंग नाही.

पहिल्या वर्षी जहाज आलं तेव्हा मुखाशी बर्फ.
दुसऱ्या वर्षी मुखाशी बर्फ.
तिसऱ्या उन्हाळ्यात अकरा दिवस वाट मिळाली.
कप्तानाने भराभर नावं वाटली:
मोठा फाटा राणीला, जी कधी बोटीत बसली नाही.
हिमनदी साबणाच्या व्यापाऱ्याला, खर्च त्याचा म्हणून.
बेट स्वतःच्या आईला.
आचाऱ्याला एक खडक मिळाला,
तोही भरतीत बुडणारा.'

खाली शाई फिकट होत गेलीय:
'किनाऱ्यावर त्यांना दगडांची वर्तुळं दिसली, तंबूंची.
चुलीची राख. हाडाची सुई.
म्हणजे माणसं होती. त्यांनी ठेवलेली नावं
त्यांच्याबरोबर उठून गेली.
शोध लागला, शोध लागला म्हणतात.
हरवलं कोणाचं होतं?'

आणि समासात, एकट्या ओळीत, अहिराणीत,
जणू त्या पाण्यालाच:
'नाव काय शे तुन्हं?'

दारात झिपरू शिपाई शिंकला. मिरची.
नकाशा बघून तिथंच उकिडवा बसला.
म्हणाला, परीक्षा संपली की सर सातवीला घेऊन
बर्फाच्या कारखान्यात जायचे,
एक लादी घ्यायचे स्वतःच्या पैशांनी,
तापल्या सळईने तिच्यात वाकडी घळ पाडायचे,
निळं पाणी ओतायचे, म्हणायचे,
घाला बोट, तळ लागतो का बघा.
मग लादी हातगाडीवर, शाळेकडे.
गाडी मीच ढकलायचो.
नदीच्या पुलावर येईस्तोवर
कडे वितळून गेलेले,
आणि निळा ओघळ धुळीत मागे मागे.
पोरं चपला हातात घेऊन
त्या ओघळावरून चालायची.
शाळेत पोचायचं काय?
ओलं पोतं.

रजिस्टरात रकाने पाच.
शेवटचा: निर्लेखनाचं कारण.
वाळवीने नेमकं मुख खाल्लंय,
भोक जुन्या आठ आण्यांएवढं.
आतले फाटे शाबूत. राणी शाबूत, आई शाबूत,
बुडणारा खडकही.
मी लिहिते: 'मुखाशी वाळवी. आत वाट आहे.
वस्तू शिल्लक ठेवावी.'

मुख्याध्यापक असल्या कारणावर सही करत नाहीत.
तरी खाली तारीख टाकते,
आणि आजचं तापमान, सेहेचाळीस,
ज्याला रकाना नाही.